पटकन मरणारा माणूस

गेल्या महिन्यात शेडगे वहिनींचा गावाहून फोन आला. म्हणाल्या, "ताई, हे गेले." आणि माझ्या तोंडातून निघून गेलं, "कुठल्या सिनेमात?"

जीभ हासडून घ्यावी असं वाटलं. पलीकडे वहिनी रडता रडता हसायला लागल्या. "नाही हो, खरंच गेले. झोपेतच गेले," म्हणाल्या. मीही रडले. पण खरं सांगते, माझी चूक नव्हती. तो माणूस माझ्या डोळ्यांदेखत इतक्या वेळा मेला होता की सवय होऊन गेली होती.

शेडगे भाऊजी आमच्या सोसायटीत सतरा वर्षं राहिले, आणि त्यातली सहा वर्षं ते आठवड्यातून दोनदा तरी मरत. आजार वगैरे काही नाही, माणूस खणखणीत. सिनेमात आणि मालिकांत मेलेल्या माणसाचं काम करायचे, एवढंच. मरता मरता चार वाक्यं बोलतो तो मेलेला वेगळा. त्याला बसायला गाडी आणि वर छत्री धरायला माणूस मिळतो. भाऊजी मागचे मेलेले. लढाई संपली की रणात पडलेले, पूर ओसरला की चिखलात सापडलेले, आणि मालिकेतल्या सुनेला सासरा नकोच असला तर भिंतीवर हार घालून टांगलेले.

मी समोरच्याच फ्लॅटमधली. शिवाय तेव्हा सोसायटीची सेक्रेटरी. कुणी होईना म्हणून झाले आणि कुणी काढेना म्हणून राहिले. त्यामुळे भाऊजींच्या मरणाचा पहिला त्रास मला. सकाळी लिफ्टमध्ये भेटले की मी आपली रीतीप्रमाणे विचारायची, "काय भाऊजी, आज लवकर?" तर म्हणायचे, "नऊची शिफ्ट हाय ताई. महाप्याला मरायला जायचंय." एकदा लिफ्टमध्ये आठव्या मजल्यावरचे नवीन भाडेकरू होते. ते तिसऱ्यावरच उतरले आणि उरलेले मजले जिन्याने गेले. संध्याकाळी त्यांचा फोन, या सोसायटीत काही प्रॉब्लेम आहे का. मी म्हटलं, आहे, पार्किंगचा.

भाऊजी मूळचे साताऱ्याकडचे. उभी हयात वाशीच्या कांदा-बटाटा मार्केटात मापाडी, म्हणजे काट्यावर पोती तोलून वजन पुकारणारे. हा माणूस काट्यापाशी असला की व्यापारीही वाद घालत नसे आणि शेतकरीही, कारण तो दोघांपैकी कुणाचाच नव्हता. "मापात पाप नको" हे वाक्य दिवसातून चारदा तरी ऐकायला मिळायचं. रिटायर व्हायच्या सुमाराला मार्केटात कुठल्याशा मालिकेचं शूटिंग होतं. गोळी लागून हमाल पडतो, असा सीन. पडणारा नट आधी हात टेकवायचा, मग गुडघा, मग डोकं अलगद खाली ठेवायचा. भाऊजी बाजूला उभे होते. त्यांना राहवेना. "ओ साहेब, ह्यो मरत न्हाई, ह्यो निजतोय," म्हणाले. कुणीतरी चिडून म्हटलं, मग तुम्ही दाखवा. भाऊजींनी दाखवलं. अख्खं युनिट पाणी घेऊन धावत आलं.

तेव्हापासून सुरू झालं. त्यांचं मरणाचं शास्त्र त्यांनी मला आमच्या पॅसेजमध्ये उभं राहून समजावलं होतं. "ताई, माणूस मेला की त्येचं पोतं होतं. पाठीवरनं पोतं सुटलं की कसं पडतं? धप्प. आधी कुठला कोपरा टेकवू असा इचार करतंय का ते? पोत्याला अभिनय नसतोय." एवढं बोलून प्रात्यक्षिक दाखवायला निघाले होते. मी हात जोडले, खालच्या मजल्यावर सहा महिन्यांचं बाळ होतं.

दुसरी सवय म्हणजे, मेलेल्याचं नाव विचारायचे. सेटवर गेल्या गेल्या पहिला प्रश्न, "कोण मेलं?" समोरचा म्हणायचा, काका, सैनिक. "सैनिकाला नाव असतंय की." नाव सांगितल्याशिवाय पडायचेच नाहीत. एका सहायक मुलीने वैतागून आपल्या घरमालकाचं नाव दिलं, आणि म्हणे त्या दिवशी भाऊजी पहिल्याच टेकला इतके छान मेले की तिने घरी जाऊन घरमालकाला फोन केला, कसे आहात म्हणून.

आणि तिसरी सवय, जिच्यावरून आमची भांडणं झाली. मेलेल्या दिवशी घरी आले की उंबऱ्याबाहेर उभे राहायचे. वहिनी आतून तांब्या आणणार, पायांवर पाणी ओतणार, मग भाऊजी कशाला न शिवता सरळ अंघोळीला. मयतीहून आल्यावर अंघोळ आमच्या कोकणातही करतात. पण स्वतःच्याच मयतीहून परत आलेला माणूस मी हाच पाहिला. ते पाणी माझ्या दारातून आत. शेवटी मी नोटीस लावली, पॅसेजमध्ये पाणी सांडू नये. भाऊजी नोटीस काढून घेऊन माझ्याकडे आले. म्हणाले, "ताई, ह्यात मयतीचा अपवाद टाका." मी टाकला. अजून आहे तो नियमांत, वाचा हवं तर.

वहिनी मात्र त्यांचं एकही काम बघायच्या नाहीत. "जिवंतपणी काय कमी बघितलंय," म्हणायच्या. पण त्यांच्या माहेरचे लोक टीव्ही बघायचे. एका मालिकेत भाऊजींचा हार घातलेला फोटो तीन दिवस भिंतीवर दिसला. चौथ्या दिवशी सकाळी सातला आमच्या गेटवर जीप. तेरा माणसं. वहिनींच्या थोरल्या आत्याने गेटपासूनच सूर लावला, वॉचमनही रडायला लागला. मी खाली धावले, तोवर मंडळी वर पोचली होती. दार उघडलं ते भाऊजींनीच, बनियनवर, तोंडात ब्रश. आत्याबाईंना एवढ्या लांबून आणलेलं रडणं मध्येच थांबवता येईना. त्यांनी ते पुरं केलं, डोळे पुसले आणि जावयाला म्हणाल्या, "बरं झालं. आता कायतरी खायला घाला, सुतकाचं म्हणून चहासुदिक न्हाई घेतला." दहा वाजेपर्यंत पोह्यांची परात माझ्या घरून जात होती.

इथपर्यंत सगळं हसण्यावारी होतं. मग तो सिनेमा आला.

उरणकडचं एक गाव. नाव सांगत नाही, तिथली माणसं अजून माझ्याशी बोलतात. इंग्रजांच्या काळात तिथल्या मिठागरावर गोळीबार झाला होता. पाच माणसं गेली. शाळेपाशी एका दगडावर त्यांची पाच नावं आहेत. त्यावर सिनेमा काढायला एक तरुण दिग्दर्शक आला. पस्तिशीचा, शिकलेला, भर मे महिन्यात गळ्यात मफलर. मुलगा वाईट नव्हता. गावातल्या माणसांशी बोलताना त्याचे डोळे भरून यायचे, आणि ते खोटं नव्हतं.

खऱ्या मिठागराच्या जागी आता कंटेनर उभे असतात. म्हणून मिठागर नावड्याला बांधलं, तळोज्याच्या कारखान्यांच्या वासात, एका मोकळ्या प्लॉटवर. टँकरचं पाणी सोडलं, बांध घातले. मिठाचे ढीग रचायचे तर मीठ विरघळायला लागलं, म्हणून रांगोळी आणून ओतली. गावातल्या म्हाताऱ्यांनी आल्या आल्या चिमूटभर जिभेवर ठेवली आणि थुंकली.

शूटिंगच्या आधी गावात सभा झाली. भाऊजींनाही त्यात मरायला बोलावलं होतं. त्यांनी मला बरोबर नेलं, कारण सही करायचे कागद इंग्रजीत होते आणि मी जन्मभर बेलापूरच्या सरकारी ऑफिसात कागदच वाचलेले. सभेत दिग्दर्शकाने सांगितलं, गोळीबाराच्या सीनला तीस मेलेले लागतील.

गावचा एक पुढारी उठला. "साहेब, मेले पाच. तुमी तीस मारताव. वरचे पंचवीस कोन?"

"दादा, पाच माणसं पडद्यावर दिसतच नाहीत," दिग्दर्शक म्हणाला. "लोकांना तो प्रसंग जाणवला पाहिजे."

यावर गावाचे सरळ दोन गट पडले. एक गट म्हणाला, खोटं चालणार नाही. दुसरा गट म्हणाला, तीस मारायचेच असतील तर आमच्या आज्याला धरा, तो पण तिथेच होता. कुणाचा आजोबा आधी पडला यावरून दोन चुलत भावांचं जुंपलं. भाऊजी कोपऱ्यात बसले होते, ते उठले. "साहेब, मी काट्यावर जन्म काढला. पाच क्विंटलला तीस क्विंटल पुकारलं तर दुसऱ्या दिवशी माझी पाच पण कुणी खरी धरणार न्हाई. मापात पाप करू नका." शेवटी ठरलं की मरतील पाचच, बाकी हवे तेवढे जखमी. लगेच जखमींची रांग लागली. एक जण म्हणाला, माझ्या आज्याच्या मांडीला गोली लागलेली. दुसरा म्हणाला, आमच्या आज्याचा पलताना पाय मुरगलला, तो धरता का. दिग्दर्शकाने तोही धरला.

गोळ्या घालणारे शिपाई व्हायला मात्र गावातलं कुणी तयार होईना. आमच्याच मानसांवर आमी कशी गोली घालू, म्हणाले. मग महाप्याच्या आयटी पार्कातली पोरं आणली, शनिवार-रविवार सुट्टीवाली. खाकी कपडे, पायाला पट्ट्या, आणि प्रत्येक गोळीबारानंतर बंदूक बाजूला ठेवून मेलेल्यांपाशी येऊन म्हणायची, "सॉरी काका."

त्या सभेतच मी बामाबायला पहिल्यांदा पाहिलं. नव्वदीला टेकलेली, डोळ्यांनी अधू, पण कान आणि जीभ शाबूत. पाचातला एक तिचा बाप. हाशा त्याचं नाव. आगरी गावांत पूर्वी ठेवायचे, आता कुणी ठेवत नाही. गोळीबार झाला तेव्हा ती तीन महिन्यांची होती, सहा भावंडांत शेवटची. बापाचा फोटो नाही, काही नाही. आईने तिला एकच गोष्ट सांगितली होती: त्याला काही कळलंच नाही, पडला तो गेला. त्या एका वाक्यावर बाईने जन्म काढला होता.

तिने दिग्दर्शकाला जवळ बोलावलं. "माजे बापसाला मी बगितला नाय. मना येकदा दाखव. पन आयशीन सांगलाय तसाच दाखव. जास्ती नको." त्याने तिच्या पायाला हात लावून सांगितलं, तसंच दाखवीन. मी ऐकलंय माझ्या कानांनी.

हाशा कुणी व्हायचं तेही तिनेच ठरवलं. चार-पाच जण उभे केले होते. तिने एकेकाचे हात चाचपले आणि भाऊजींपाशी थांबली. "ह्यो. ह्यानी वजा उचललाय." वजा म्हणजे ओझं. कुणीतरी हळूच म्हणालं, अगं पण तू बापाला पाहिलंच नाहीस, कशावरून हा? ती म्हणाली, "मंग तू बगितलास?" मिशी काळी केली की भाऊजी पंचेचाळिशीचे दिसायचे, त्यामुळे वयाचं जमून गेलं. नव्वदीची लेक आणि साठीचा बाप. घरी जाताना बसमध्ये भाऊजी मला म्हणाले, "पैल्यांदाच नाव इचारायला लागलं न्हाई."

शूटिंगच्या दिवशी सकाळी हातात कागद पडला. त्यात हाशा दोन मिनिटं मरत होता. छातीत गोळी, गुडघ्यावर येणं, सरपटत मिठाच्या ढिगापर्यंत जाणं, मुठीत मीठ धरणं, आभाळाकडे बघणं, मग मान टाकणं. भाऊजींनी तो माझ्याकडून दोनदा वाचून घेतला. बामाबायला गावकऱ्यांनी आणून छत्रीखाली प्लास्टिकच्या खुर्चीत बसवलं होतं.

भाऊजी दिग्दर्शकाकडे गेले. "साहेब, तिला वेगळं सांगितलंय आपण."

"काका, ऐका," तो म्हणाला. "तुम्ही धपकन पडलात तर लोकांना वाटेल, मरण एवढं सोपं असतं. मग तो इंग्रज किती सहज सुटेल. त्याने काय केलं ते दोन मिनिटं बघावं लागलं पाहिजे सगळ्यांना."

मला ते पटलं. खोटं कशाला बोलू. सोप्या मरणाने गोळी घालणाऱ्याचंच फावतं, असं मला तेव्हाही वाटलं आणि अजूनही अधूनमधून वाटतं. भाऊजी म्हणाले, "सगळ्यांना दाखवा. पण तिचा बाप घेऊन न्हाई." आणि जाऊन जागेवर उभे राहिले.

पहिला टेक. गोळी सुटली, भाऊजी धप्प. संपलं. दिग्दर्शक म्हणाला, काका, सावकाश. दुसरा टेक, धप्प. तिसरा, धप्प. चौथ्याला म्हणाला, काका, आयुष्यातली सगळ्यात दुःखाची गोष्ट आठवा. भाऊजींनी डोळे मिटले, आठवली, डोळ्यांत पाणी आलं, आणि गोळी सुटल्यावर धप्प. सहाव्याला त्याने भाऊजींच्या हाताला दोरी बांधली, ओढली की सरपटायचं. दोरी ओढली तर पोतं ओढल्यासारखे भाऊजी आख्खे सरकत आले, काडीचीही हालचाल नाही. गावकरी बांधावर बसून वडापाव खात होते. "ह्यो झ्याक मेला," कुणीतरी म्हणालं.

अकराव्या टेकला दिग्दर्शकाने स्वतः करून दाखवलं. मफलर काढून ठेवला आणि त्या चिखलात असा मेला, असा मेला, की माझ्या अंगावर काटा आला. तळमळला, सरपटला, मूठभर रांगोळी उचलून आभाळाला दाखवली. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. भाऊजीही वाजवत होते. "लई भारी," म्हणाले. "तुमीच करा की."

बाराव्या टेकलाही धप्प.

बाविसावा टेक होईतो ऊन उतरलं होतं. शिपाई झालेल्या पोरांचं "सॉरी काका" म्हणून तोंड दुखलं होतं. भाऊजी उजव्या बाजूला कलून चालत होते, आणि प्रत्येक वेळी उठताना दात आवळत होते; मी जवळ जाऊन म्हटलं, भाऊजी पुरे. ते म्हणाले, "त्यो दमंल आधी." आणि तोच दमला. कपाळाला हात लावून म्हणाला, ओके, घ्या हेच.

आता इथे सिनेमावाल्यांची एक रीत आहे, ती मला त्या दिवशी कळली. पडद्यावर मेलेल्या माणसाला शॉट झाल्यावर कॅमेऱ्याकडे बघून हसायला लावतात. अशुभ टळावं म्हणून. भाऊजी चिखलात पडलेले, रांगोळीने पांढरे झालेले. सहायक मुलगी लांबून ओरडली, "काका, हसा! हसा!"

भाऊजी कोपरावर उठले आणि कॅमेऱ्याकडे बघून हसले.

छत्रीखालची बामाबाय खुर्चीतून उभी राहिली. तिला दिसत होतं धूसर, पण ऐकू स्पष्ट येत होतं, आणि त्या "हसा"चं तिला ऐकू आलं होतं "हाशा". काठी टेकत ती सरळ चिखलात उतरली. कुणी अडवायच्या आत भाऊजींपाशी पोचली आणि काठीचं टोक त्यांच्या खांद्याला लावून म्हणाली, "उठलास? उठाचा व्हता तं मंग घरा कनाला नाय आलास?"

कुणीतरी माझ्या मागे "अरे देवा" म्हणालं.

"आयस दाराशी बसाची तुजी वाट बगीत," ती म्हणाली. तिचा आवाज रडका नव्हता, रागाचा होता. नव्वद वर्षांचा राग. आणि मी पाहिलं, दिग्दर्शक पुटपुटत कॅमेरावाल्याला खुणा करत होता, चालू कर, चालू कर. भाऊजींनीही ते पाहिलं. कंबर मोडलेली, तरी ते उठले, आणि कॅमेऱ्याकडे पाठ करून बामाबायच्या समोर असे उभे राहिले की ती कुणाला दिसेना. त्यांना म्हणता आलं असतं, मी शेडगे, मापाडी. ते म्हणाले, "चुकलं माझं, बाय."

तिकडे म्हातारीलाही बाय म्हणतात आणि लेकीलाही.

बसकडे जाताना तिने भाऊजींचा हात धरला होता. "मना म्हाईत हाय रं, तू नाटकवाला," म्हणाली. "मी येडी नाय. पन कुनी हाक मारली न तू उठलास, म्हनून बोल्ले."

भाऊजींच्या कमरेच्या हाडाला बारीक तडा गेला होता. डॉक्टरांनी सांगितलं, आता पडणं बंद. वहिनींनी देवापुढे साखर ठेवली. पुढचं वर्षभर भाऊजी दर गुरुवारी काठी टेकत बसने उरणकडे जायचे, निवडलेले कांदे घेऊन, आणि येताना सुक्या बोंबलांची पुडी घेऊन यायचे. काय बोलता दिवसभर, असं मी विचारलं एकदा. "ती वरडती, मी ऐकतो," म्हणाले. "लई वर्षांचं साचलंय."

सिनेमा पुरा झाला तेव्हा दिग्दर्शकाने आधी गावाला दाखवायचा ठरवला. शाळेचा हॉल, दुपारचे चार, खिडक्यांना सतरंज्या लावलेल्या. भाऊजी-वहिनी पुढच्या आठवड्यात फ्लॅट विकून गावी जाणार होते, सामान बांधून झालं होतं. तरी भाऊजी आले. बामाबायच्या एका बाजूला ते, दुसऱ्या बाजूला मी.

गोळीबार आला. पाच मेले, पाचच. तो शब्द त्या मुलाने पाळला होता. मग हाशाची पाळी. गोळी सुटली आणि भाऊजी पडायला लागले, पण पडेनात. त्याने तो एका सेकंदाचा शॉट ताणून ताणून लांबवला होता. मध्येच एक हात, मिठात बोटं खुपसणारा, तरण्या माणसाचा, भाऊजींचा नव्हेच. मागून कण्हण्याचा आवाज, तोही दुसऱ्याच कुणाचा. मग पुन्हा भाऊजी, तिरके, अर्धवट हवेत. बाविसाच्या बावीस वेळा नाही म्हटलेलं सगळं त्याने एडिटिंगच्या टेबलावर करून घेतलं होतं.

हॉलमध्ये हुंदके सुरू झाले. दिग्दर्शक स्वतः रडत होता. मीही रडत होते, आणि रडते आहे याची मला लाज वाटत होती. भाऊजींनी खुर्चीचा हात घट्ट धरला होता.

बामाबाय कान देऊन ऐकत होती. "ह्यो कोन कन्हतंय?" तिने विचारलं. मग तिला कळलं असावं. तिने अंधारात चाचपून भाऊजींचा हात शोधला.

"येवढा येल लागला?" ती म्हणाली. "माजी आयस खोटा बोल्ली?"

तिने त्यांचा हात हलवला.

"तू पडलास ना. तुलाच इचारतंय. दुखला का रं?"

भाऊजी तिच्याकडे वळले. वळताना कमरेत कळ आली असणार, कारण त्यांनी ओठ दाबला, आणि मग ओठ सोडून अगदी सहज म्हणाले, "न्हाई बाय. कळलंच न्हाई. पडलो तो गेलो."

तिने मान डोलावली आणि त्यांच्या हातावर दोनदा थापटलं. आई खरं बोलली होती. दोघंही पुढे बघत बसले. पडद्यावर भाऊजी अजून जमिनीला टेकले नव्हते.